सिल्वीच्या पाठीकडे बघा

मागच्या अंकात फ्रेंच चित्रपटांतल्या खाष्ट सासवांवर लिहिताना 'तेरेझ राकँ'मधल्या लुळ्या म्हातारीचा उल्लेख मी एका ओळीत उरकला होता. बाकीच्या सासवा राहिल्या बाजूला, पत्रं आली ती सगळी या एकीबद्दल. तेव्हा या वेळचं सदर तिलाच देऊन टाकतो.

प्रश्न : 'तेरेझ राकँ'मधली खुर्चीत बसलेली ती म्हातारी कोण? श्रेयनामावलीत नुसतं 'सिल्वी' एवढंच दिसतं, आडनाव नाही. नेटवर शोधलं तर एका गायिकेचे फोटो येतात.

ती गायिका म्हणजे सिल्वी व्हार्तां. साठच्या दशकातली पॉप गाणारी, सोनेरी केसांची. आपली सिल्वी तिच्या आजीच्या पिढीची. जन्म पॅरिसचा, साल १८८३. खरं नाव लुईज मँगने. रंगमंचावर आली तेव्हाच तिने 'सिल्वी' एवढंच नाव घेतलं आणि आयुष्यभर तेच वापरलं. फ्रेंच नटनट्यांत ही जुनीच रीत आहे : आर्लेती, फेर्नांदेल, बुर्व्हिल हे सगळे एका नावावर निभावलेले लोक. पण फेर्नांदेल एकच होता आणि सिल्व्या गल्लोगल्ली. त्यामुळे तिचा माग काढायचा तर नुसत्या नावाने काढू नका, सोबत दिग्दर्शकाचं नाव टाका. क्लूझो, कार्ने, द्युव्हिव्हिए, ब्रेसाँ यांपैकी कुठलंही चालेल, कारण हिने या चौघांकडेही काम केलंय. अशी यादी सांगू शकणाऱ्या नायिकाही फार नाहीत.

चित्रपटांत तिची ओळख म्हातारी म्हणूनच आहे, कारण बोलपट स्थिरावला तोवर ती पन्नाशीला आली होती. त्याआधीची पंचवीस-तीस वर्षं पॅरिसच्या रंगभूमीवर गेलेली. म्हणजे बोलपटांत आपण जिला बघतो ती बाई शिकून-सवरून, मुरून मगच कॅमेऱ्यासमोर उभी राहिलेली आहे. कॅमेऱ्यापुढे तिची घाई कधी दिसत नाही, त्याचं एक कारण हे असावं.

प्रश्न : मी हौशी रंगभूमीवर काम करते. त्या चित्रपटाच्या उत्तरार्धात तिला एकही संवाद नाही, हालचाल नाही, तरी सगळा ताण तिच्यावर. नुसत्या डोळ्यांनी अभिनय करतात तो कसा? आम्ही केला की डोळे वटारल्यासारखे दिसतात.

तुमचा प्रश्न मला सगळ्यांत आवडला, म्हणून सविस्तर लिहितो.

ज्यांनी चित्रपट पाहिलेला नाही त्यांच्यासाठी आधी गोष्ट थोडक्यात. फ्रेंच कादंबरीकार झोलाची कादंबरी १८६७ सालची, पॅरिसमध्ये घडणारी. मार्सेल कार्नेने १९५३ साली ती उचलून आपल्या काळातल्या लिआँ शहरात आणली. सिमोन सिन्योरे ही तेरेझ. पोरकी मुलगी, आत्याच्या घरात वाढलेली आणि त्याच घरातल्या आजारखोर आतेभावाला, कामीयला दिलेली. खाली कापडाचं दुकान, वर घर, आणि घरात मादाम राकँ, म्हणजे सिल्वी : लेकाला औषधं पाजणारी, सुनेकडे संशयाने बघणारी. मग एक ट्रकवाला इटालियन येतो (राफ व्हालोने), प्रकरण जुळतं, आणि आगगाडीतून कामीय बाहेर ढकलला जातो. कादंबरीत त्याला होडीतून पाण्यात ढकलतात, इथे गाडीतून. मुलगा गेल्याच्या बातमीने आईला झटका येतो आणि तिचं अंग नि वाचा दोन्ही जातात. उरलेला सगळा वेळ ती खुर्चीत असते, आणि जिने तिचा मुलगा घालवला तीच तिची शुश्रूषा करत असते.

आता तुमच्या मुद्द्यावर येतो. डोळे वटारले जातात ते कशामुळे? नट एकाच नजरेत सगळं सांगायला जातो म्हणून. 'मला माहीत आहे, मी तुला सोडणार नाही, माझा मुलगा गेला' ही तिन्ही वाक्यं एकदम. सिल्वी एकही वाक्य बोलत नाही, डोळ्यांनीसुद्धा नाही. ती फक्त बघते. सिन्योरे खोलीत इकडून तिकडे गेली की तिची नजर मागे जाते. थोडी उशिरा. त्या किंचित उशिराने आजार दिसतो. आणि नजर पोहोचली की तिथेच थांबते. ना भुवई वर जाते, ना ओठ आवळले जातात. मग कॅमेरा सिन्योरेवर जातो आणि घाबरण्याचं काम सिन्योरे करते. त्या नजरेला अर्थ येतो तो समोरच्या चेहऱ्यावरून आणि संकलकाच्या कात्रीतून. सिल्वीला हे पक्कं ठाऊक आहे, म्हणून ती आपल्या वाट्याचं काम करून थांबते. तिने जर आग ओकली असती, तर पुढच्या शॉटमध्ये सिन्योरेला करायला काय उरलं असतं?

रंगमंचावर तुम्हाला कात्री नाही, हे खरं. पण समोरचा नट आहे ना! पुढच्या तालमीला एवढं करून बघा : आपण काय दाखवायचं हा विचार सोडा आणि समोरच्याचा हात नेमका काय करतोय ते बघा. खरंच बघा, बघण्याचा अभिनय नको. प्रेक्षकाला बाहेरून तेवढं पुरतं.

आणखी एक. लुळी पडण्याआधीच्या भागात ती किती बोलते ते मोजून ठेवा. कुरकुर, सूचना, टोमणे, लेकाचं कौतुक. ती बडबड आपल्या कानात आधी भरली जाते, म्हणून नंतरची शांतता जड होते. मुळात पहिला अर्धा भाग नीट बोलता आला नसता तर दुसऱ्या भागात नुसतं गप्प बसून काहीच साधलं नसतं. या चित्रपटाला त्या वर्षी व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात रौप्य सिंह हा पुरस्कार मिळाला. कौतुक झालं ते कार्नेचं नि सिन्योरेचं. रास्तच आहे, पण त्या खुर्चीशिवाय चित्रपट उभा राहिला नसता.

प्रश्न : तिची युद्धकाळातली कामं कोणती? 'ल कोर्बो'मध्ये ती आहे असं ऐकलं, पण मला ती आठवतच नाही.

आठवत नाही, कारण तिचा चेहरा लक्षात राहील अशी सोयच क्लूझोने ठेवलेली नाही. (ज्यांना 'ल कोर्बो' बघायचाय त्यांनी पुढचे दोन परिच्छेद सोडून द्यावेत, शेवट फुटणार आहे.)

१९४३ साल, फ्रान्स जर्मनांच्या ताब्यात. एका गावात 'डोमकावळा' अशी सही केलेली निनावी पत्रं फिरू लागतात, कुणाची लफडी तर कुणाचे आजार चव्हाट्यावर आणणारी. इस्पितळात तेरा नंबरच्या खाटेवर एक तरुण आहे. त्याला पत्र येतं : तुला कर्करोग आहे, तू वाचणार नाहीस. तो वस्तऱ्याने स्वतःचा गळा चिरतो. सिल्वी त्याची आई. तिची दृश्यं मोजकीच आहेत. काळे कपडे, आवाज खालचा, आणि बोलणं असं की ही बाई दुःखात बुडालेली नाही, कामाला लागलेली आहे हे कळावं. मुलाचा वस्तरा तिने ठेवून घेतलाय.

शेवटी डोमकावळा कोण ते डॉक्टरला कळतं, तो धावत पोहोचतो तर तो माणूस टेबलावर मरून पडलेला. खिडकीतून खाली बघितलं तर रस्त्यावर पोरं खेळताहेत आणि त्यांच्या बाजूने एक काळी आकृती, डोक्यावरून काळा बुरखा घेतलेली, सावकाश चालत निघाली आहे. ती पाठमोरी आहे. चेहरा दाखवत नाहीत, मागे वळून बघणं नाही, थबकणं नाही. त्या चालीत किती बारकावा आहे ते बघा : पळत नाही, पण रेंगाळतही नाही. बाजारातून घरी निघालेल्या बाईची चाल. सूड घेतलेली बाई असं चालून दाखव, असं दुसऱ्या कुणाला सांगितलं असतं तर तिने खांदे ताठ केले असते. 'तेरेझ राकँ'मध्ये तिला फक्त डोळे दिले, इथे फक्त पाठ. नटाला याहून कमी सामान देता येत नाही.

हा चित्रपट कॉन्तिनेंताल या जर्मन पैशाच्या कंपनीने काढला होता, म्हणून फ्रान्स जर्मनांच्या ताब्यातून सुटल्यावर त्याच्यावर बंदी आली आणि क्लूझोला काही काळ काम करू दिलं नाही. १९४७मध्ये तो परतला. खुद्द गावकऱ्यांनीच निनावी पत्रं लिहिण्याची गोष्ट त्या काळात फ्रेंच माणसाला किती झोंबली असेल याची कल्पना करा. चुगलीच्या पत्रांवर माणसं उचलली जाण्याचे ते दिवस.

गंमत म्हणजे त्याच १९४३ साली ती ब्रेसाँच्या पहिल्या मोठ्या चित्रपटात, 'ले झांज द्यु पेशे'मध्ये, मठाची प्रमुख जोगीण आहे. तुरुंगातून सुटलेल्या बायकांना आसरा देणारा जोगिणींचा मठ, संवाद नाटककार झिरोदूचे. एकाच वर्षात एकीकडे गळा चिरणारी आई, दुसरीकडे क्षमा शिकवणारी मठमाता. आणि दोन्हीकडे तोच खालचा आवाज. ब्रेसाँ पुढे व्यावसायिक नटांना चित्रपटात उभंच करेनासा झाला, अभिनयाचा त्याला तिटकारा आला. मला नेहमी वाटतं, सगळेच नट सिल्वीसारखे असते तर त्याचं मत थोडं मवाळ झालं असतं. अर्थात हे माझं भाबडेपण असेल; ब्रेसाँ कुणासाठी मवाळ होणारा नव्हता.

प्रश्न : इतकी गुणी अभिनेत्री, आणि पहिली मुख्य भूमिका मिळाली ८१व्या वर्षी! हा अन्यायच नाही का?

आधी तपशिलातली दुरुस्ती. '८१व्या वर्षी पहिली मुख्य भूमिका' हे वाक्य ('ला व्हिएय दाम अँदिन्य'बद्दल, त्याची गोष्ट पुढे येते) सगळीकडे लिहिलं जातं, पण मूकपटांना विसरून. १९१३ साली आल्बेर कापेलानीने झोलाच्याच 'जर्मिनाल' कादंबरीवर सुमारे अडीच तासांचा चित्रपट केला. त्या काळात ही लांबी अचाट होती. त्यात खाणीत काम करणारी काथरीन म्हणजे सिल्वी. मुलग्यासारखे कपडे घालून कोळशाच्या गाड्या ढकलणारी, शेवटी पाणी भरलेल्या खाणीत मरणारी. ती नायिकाच आहे. चित्रपट आज उपलब्ध आहे. झोलाची तरुण मुलगी १९१३मध्ये आणि झोलाची म्हातारी १९५३मध्ये, मध्ये चाळीस वर्षं.

आता अन्यायाबद्दल. हा शब्द मला इथे पटत नाही, आणि का ते सांगायला तेव्हाचा धंदा कसा चालायचा ते सांगावं लागेल.

युद्धानंतर फ्रान्समध्ये सिनेमा हीच लोकांची करमणूक होती. १९४७ साली ४२ कोटींच्या वर तिकिटं विकली गेली. अमेरिकी चित्रपटांचा लोंढा आला होता, त्यापुढे तगून राहायला सरकारने १९४६मध्ये राष्ट्रीय सिनेमा केंद्र काढलं, १९४८मध्ये मदतीचा कायदा केला. निर्मात्यांनी भर दिला तो घोटीव पटकथेवर, गाजलेल्या कादंबऱ्यांवर आणि संवादांवर. झाँसाँ, स्पाक, ओराँश नि बोस्त ही संवाद लिहिणारी मंडळी दुकानदारीण, दरवान, मोलकरीण यांनाही दोन झणझणीत वाक्यं द्यायची, आणि ती वाक्यं टाकायला रंगभूमीवरचे मुरलेले लोक लागायचे. प्रेक्षक त्यांना चेहऱ्याने ओळखायचे, नावाने नव्हे.

आणि या लोकांची सोय अशी होती की पॅरिसच्या स्टुडिओंत चित्रीकरण दुपारी बाराच्या सुमाराला सुरू होऊन संध्याकाळी साडेसातला संपायचं. का? कारण नटांना रात्री नाटक असायचं. बियाँकूर किंवा झ्वँव्हीलच्या स्टुडिओतून निघायचं, रंगपटात जाऊन तोंडाला दुसरा रंग लावायचा आणि पडदा वर. दुय्यम भूमिकांचे पैसे रोजावर ठरायचे. चार दिवसांचं काम असेल तर चार दिवसांचे. त्यामुळे वर्षात चार-पाच चित्रपट करणं सहज जमायचं. नायिकेला हे सुख नाही. तिचा एक चित्रपट पडला की निर्माते तोंड फिरवतात. चाळिशीनंतर तिच्या भूमिका आटतात. सिल्वीचा बाजार चाळिशीनंतरच तेजीत आला. सलग तीसेक वर्षं काम, तेही चांगल्यांकडे. याला अन्याय म्हणायचं तर न्याय कशाला म्हणायचं?

तक्रार असलीच तर वेगळी आहे. तिला त्याच त्या साच्यात ओतलं. आई, आजी, जोगीण, पुन्हा आई. १९४९च्या ग्रेमियाँच्या 'पात ब्लांश'मध्ये मिशेल बूकेची आई; १९५८च्या 'ल मिर्वार आ द फास'मध्ये बुर्व्हिलची आई. दुसऱ्यात तर तिला लेकाच्या संसारात नाक खुपसण्यापलीकडे काही दिलेलं नाही. काम चोख आहे, पण हे तिने झोपेतही केलं असतं. त्याउलट १९३७ सालच्या द्युव्हिव्हिएच्या 'अँ कार्ने द बाल'मध्ये बघा. मार्सेयच्या बंदरावरची एक कळकट खोली, बाहेर क्रेनची घरघर, कॅमेरा तिरका करून घेतलेले सगळे शॉट, त्यात एक बिघडलेला डॉक्टर आणि त्याच्यासोबत राहणारी, त्याच्यासारखीच उतरणीला लागलेली बाई. ती सिल्वी. त्या बाईत कडवटपणा आहे, भीती आहे आणि एक निर्लज्ज चिवटपणाही आहे. या वाटेने तिला पुढे कुणी नेलं नाही. ते नुकसान तिचं, आणि आपलं जास्त.

प्रश्न : इटालियन चित्रपटांतही ती दिसते. ती इटालियन बोलायची का?

तशी गरजच नव्हती. १९४९मध्ये फ्रान्स आणि इटलीचा सहनिर्मितीचा करार झाला. दोन्ही देशांचे पैसे, दोन्हीकडचे नट, दोन्हीकडची बाजारपेठ. इटलीत आवाज नंतर भरायची पद्धत रुळलेली होती, त्यामुळे ओठ हलले की झालं, आवाज दुसऱ्याचाही चालायचा. 'तेरेझ राकँ'मध्ये ट्रकवाला अचानक इटालियन कसा झाला, त्याचं उत्तरही या करारात आहे.

त्यातलं तिचं सगळ्यांत लोभस काम १९५२च्या 'दोन कामिल्लो'मधलं. पो नदीकाठचं गाव, फेर्नांदेल हा भांडखोर पाद्री, जीनो चेर्व्ही हा साम्यवादी महापौर, आणि सिल्वी गावाची म्हातारी शाळामास्तरीण. इटलीने १९४६मध्ये सार्वमत घेऊन राजेशाही घालवली, पण बाईंना ते मान्य नाही. मरताना त्यांची इच्छा एवढीच की शवपेटीवर राजाचा झेंडा असावा. साम्यवाद्यांच्या गावात राजाचा झेंडा! आणि महापौर, जो लहानपणी त्यांच्याच हाताखाली शिकलेला, तो त्यांना हवं ते करतो. मृत्युशय्येवरही ती पाद्री नि महापौर या दोन धटिंगणांशी बोलते ती वर्गातल्या पोरांशी बोलावं तशीच. या प्रसंगात रडवायची पुरेपूर सोय होती. तिने ती वापरली नाही. शिस्तीच्या बाईसारखी मेली.

१९६२च्या झुर्लिनीच्या 'क्रोनाका फामिलिआरे'त ती मास्त्रोयान्नीची आजी आहे. त्या वर्षीचा व्हेनिसचा सुवर्ण सिंह या चित्रपटाला तारकोव्हस्कीच्या पहिल्या चित्रपटाबरोबर विभागून मिळाला. आजीचा भाग छोटा आहे, रंग अतिशय देखणे आहेत, जमलं तर मोठ्या पडद्यावर बघा.

प्रश्न : आमच्या भिशी मंडळात 'ला व्हिएय दाम अँदिन्य' बघितला आणि भांडण झालं. निम्म्या जणींचं म्हणणं, म्हातारीने नातवंडांचा पैसा उधळला. तुम्ही कुणाच्या बाजूने?

मी म्हातारीच्या. वाद नकोच.

ज्यांनी पाहिला नाही त्यांच्यासाठी : जर्मन नाटककार ब्रेश्तची एक छोटी गोष्ट आहे, नवरा मेल्यावर आजीने काय केलं ते नातू सांगतो. रने आलिओने ती १९६५ साली जर्मनीतून उचलून मार्सेयला आणली. आलिओ स्वतः मार्सेयचा, मूळचा नेपथ्यकार, नाट्यदिग्दर्शक प्लांशाँच्या नाटकांची नेपथ्यं केलेला. हा त्याचा पहिला पूर्ण लांबीचा चित्रपट. मादाम बेर्त बेर्तिनी हिचा नवरा जातो. मुलं जमतात, आई कुणाकडे राहणार याचा खल करतात. आई कुणाकडेच जात नाही. ती बाहेर फिरायला लागते. मोठ्या दुकानात जाऊन सरकत्या जिन्याने वर जाते, वस्तू बघते. आइस्क्रीम खाते. रोझली नावाच्या, गावात नाव खराब असलेल्या वेट्रेसशी मैत्री करते, एका चांभाराच्या दुकानात जाऊन बसते. मग घरातलं सामान विकून मोटार घेते आणि या दोस्तांबरोबर सहलीला जाते. दीड वर्षानी मरते. एवढीच गोष्ट.

तुमच्या मंडळातल्या त्या निम्म्या जणींना एक विचारा : पैसा नातवंडांचा कधी झाला? नवऱ्याच्या पश्चात तो तिचा होता. तिची मुलं वाईट नाहीत, हे आलिओने मुद्दाम दाखवलंय; ती आपापल्या विवंचनेत आहेत, धंदा नीट चालत नाहीये, त्यांना वाटतं आईने मदत करावी. म्हणून तर चित्रपट चावतो. मुलं दुष्ट असती तर भांडण झालंच नसतं, आणि मंडळात बैठक लवकर संपली असती. ब्रेश्तचा हिशेब साधा आहे : या बाईने दोन आयुष्यं जगली. पहिलं मुलगी, बायको, आई म्हणून, खूप लांब. दुसरं एकटीचं, अगदी छोटं. दुसऱ्यातली दीड वर्षं पहिल्याच्या साठेक वर्षांतून वजा केली तर कुणाचं किती गेलं?

पण मला बोलायचंय ते अभिनयाबद्दल. अशी भूमिका ८१ वर्षांच्या नटीला मिळाली की मोह काय होतो? खोडकर, गोड, मिश्कील आजी करायचा. सिल्वी गोड होत नाही. दुकानात ती बघत उभी असते तेव्हा तिच्या चेहऱ्यावर ना हरखून जाणं आहे, ना 'बघा मी किती मोकळी झाले'. ती फक्त बघते. होय, पुन्हा तेच. तीच 'तेरेझ राकँ'मधली नजर, फरक इतकाच की आता तिला खुर्चीतून उठता येतं आणि जे बघितलं त्याच्याकडे चालत जाता येतं. मुलांकडेही ती तशीच बघते, म्हणून मुलं बिचकतात. ती नाराज असेल तर समजूत घालता येते; कुतूहलाचं काय करायचं?

या कामाबद्दल अमेरिकेतल्या नॅशनल सोसायटी ऑफ फिल्म क्रिटिक्सने तिला १९६६ची सर्वोत्कृष्ट अभिनेत्री ठरवलं. त्या संस्थेचे ते पहिलेच पुरस्कार होते. फ्रान्समध्ये सहायक अभिनेत्रीसाठी सेझार हा पुरस्कार सुरू झाला १९७६मध्ये. सिल्वी १९७०च्या जानेवारीत काँपिएन्यला वारली, ८७ वर्षांची होऊन.

प्रश्न : नवलाटेने या सगळ्या म्हाताऱ्या नटांची वाट लावली असं तुम्ही मागे लिहिलं होतं. मग आलिओचा चित्रपट कुठे बसतो?

चांगली कोपरखळी आहे. झालं असं की १९५४ साली त्र्युफो या तरुण समीक्षकाने 'काहिये द्यु सिनेमा' या मासिकात जुन्या घोटीव चित्रपटांवर लेख लिहून तोफ डागली, आणि १९५९-६०च्या सुमाराला तो आणि त्याच्यासारखी पोरं स्वतःच चित्रपट काढायला लागली; तीच ही नवलाट. स्टुडिओ सोडून रस्त्यावर, मोठ्या संवादांऐवजी पुटपुटणं, आणि दुय्यम भूमिकांत आपले मित्र. पैसा वाचला, हवा खेळती झाली, सगळं मान्य. पण ती दुकानदारीण गेली, जी तीन वाक्यांत पूर्ण माणूस उभा करायची. याचं वाईट मला आजही वाटतं.

आलिओ दोन्हीकडचा आहे. रस्त्यावर चित्रीकरण, मार्सेयचं उघडं ऊन, साधी माणसं, झाँ फेराचं गाणं, हे सगळं नव्या हवेतलं. पण मध्यभागी उभी केलेली बाई जुन्या स्टुडिओची, कापेलानीपासून काम करत आलेली. नव्या पोरांना पात्राने अभिनय न करता नुसतं असावं असं हवं होतं, ते या बाईला केव्हाचं येत होतं. म्हणजे माझ्या 'वाट लावली' या विधानाला एक तरी अपवाद तुम्ही दाखवलात. विधान मात्र मी मागे घेत नाही.

प्रश्न : तिचं लग्न, मुलंबाळं, खासगी आयुष्य?

या सदरात नाही. कामावर विचारा.

प्रश्न : अशा आणखी अभिनेत्री सांगा. आणि सिल्वीचा कुठला चित्रपट आधी बघावा?

झेर्मेन केर्झाँ. १९५६चा द्युव्हिव्हिएचा 'व्हॉसी ल तां दे झासासँ' बघा. त्यात झाँ गाबँ पॅरिसच्या मंडईतला खानावळवाला आणि ही त्याची आई. चाबकाच्या एका फटक्यात कोंबडीची मान उडवते. एवढं सांगितलं तरी पुरे. तिच्या अगदी उलट पोलेत द्युबोस्त : हसरी, गुबगुबीत, रन्वारच्या 'ला रेग्ल द्यु झ'मधली मोलकरीण लिझेत, आणि पुढे कितीतरी वर्षं कुणाची ना कुणाची मोलकरीण नाहीतर शेजारीण. ती २०११पर्यंत जगली, शंभरी ओलांडून. गाब्रिएल दोर्झिया हीसुद्धा, पण ती नेहमी बड्या घरची. तिच्या मानेचा ताठा मला दोन चित्रपटांनंतर कंटाळवाणा होतो. ज्यांना आवडते त्यांनी रागावून पत्रं पाठवू नयेत.

सिल्वीचं म्हणाल तर आधी 'ल कोर्बो', दीड तासाचा आहे. मग 'तेरेझ राकँ'. मग मध्ये विसावा म्हणून १९५१चा 'सू ल सिएल द पारी', ज्यात ती मांजरांसाठी दूध मिळवायला खिशात दमडी नसताना पॅरिसभर वणवण करते; बाकीची कथानकं डोळ्यांआड केलीत तरी चालेल. 'ला व्हिएय दाम' शेवटी, आधीचे पाहिल्याशिवाय नको. 'जर्मिनाल' बघायचा तर सुट्टीच्या दिवशी आणि पाट्या वाचायची तयारी ठेवून. 'युलिसीस'मध्येही ती आहे, होमरची म्हातारी दाई झालेली, पण तो तिच्यासाठी म्हणून बघू नका. तो कर्क डग्लससाठी बघा.